स्वतंत्र चित्रपटाचा छायालेखक नेमके काय करतो?

मे २०२४ मध्ये पायल कपाडिया यांच्या ‘ऑल वी इमॅजिन ॲज लाइट’ या चित्रपटाला कान महोत्सवात ग्रां प्री मिळाले आणि जानेवारी २०२५ मध्ये रोहन कानवडे यांच्या ‘साबर बोंडं’ या मराठी चित्रपटाने सनडान्स महोत्सवात जागतिक कथापटांच्या विभागातले परीक्षकांचे सर्वोच्च पारितोषिक पटकावले. दोन्ही वेळा दिग्दर्शकांविषयी आणि कलावंतांविषयी भरभरून लिहिले गेले आणि ते योग्यच होते. पहिल्या चित्रपटाचे छायालेखन रणबीर दास यांनी केले होते आणि दुसऱ्याचे विकास अर्स यांनी, ही माहिती मात्र सामान्य प्रेक्षकापर्यंत फारशी पोचली नाही. ती पोचली तरी पुढचा प्रश्न उरतोच. दिग्दर्शक सांगेल तिथे कॅमेरा ठेवायचा आणि तो चालू करायचा, यात वेगळी कला ती कोणती? शिवाय आता प्रत्येकाच्या खिशात उत्तम कॅमेरा असलेला फोन आहे. हा प्रश्न प्रामाणिक आहे आणि त्याचे उत्तर सविस्तर द्यायला हवे, कारण ते कळले की चित्रपट पाहण्याची आपली रीतच थोडी बदलते.

आधी दोन शब्द स्पष्ट करू

स्वतंत्र चित्रपट म्हणजे मोठ्या निर्मितीसंस्थेच्या किंवा वितरकाच्या पैशांवर आधीपासून अवलंबून नसलेला चित्रपट. त्याचा पैसा छोटे निर्माते, देशोदेशींची अनुदाने, परदेशी सहनिर्माते, कधी मित्र आणि नातेवाईक यांच्याकडून थोडाथोडा जमवलेला असतो. त्यामुळे चित्रीकरणाचे दिवस मोजके असतात, माणसे कमी असतात आणि एखादा दिवस वाया गेला तर तो भरून काढण्याची सोय बहुधा नसते.

छायालेखक म्हणजे पडद्यावर दिसणाऱ्या चित्राची जबाबदारी घेणारा माणूस. कॅमेरा कुठे ठेवायचा, कोणती लेन्स लावायची, प्रकाश कुठून आणि किती येऊ द्यायचा आणि शेवटी रंग कसे दिसायचे, हे सारे तो दिग्दर्शकाशी बोलून ठरवतो. मोठ्या चित्रपटात त्याच्या हाताखाली कॅमेरा चालवणारा ऑपरेटर, चित्राची स्पष्टता सांभाळणारा फोकस पुलर, दिव्यांचा प्रमुख असलेला गॅफर आणि लाइटमनची फौज असते. छोट्या चित्रपटात यातली दोन-तीन कामे तो स्वतःच करतो. अनेकदा कॅमेरा त्याच्याच खांद्यावर असतो.

चांगला कॅमेरा असला की चित्र चांगलेच येणार ना?

एक प्रसंग घेऊ. गावातले घर आहे, वैशाखातली दुपार आहे आणि स्वयंपाकघराला एकच खिडकी आहे. आई चुलीपुढे भाकऱ्या थापते आहे आणि मुलगा दाराच्या चौकटीला टेकून तिच्याशी बोलतो आहे. पडद्यावर हा प्रसंग दोन मिनिटांचा असेल, पण तो चित्रित करायला तीन-चार तास लागतील, कारण आधी संपूर्ण खोली, मग आईचा चेहरा, मग मुलाचा चेहरा, मग परातीतले हात, असे तुकडे वेगवेगळे घ्यावे लागतात.

आपण स्वतः त्या खोलीत उभे असू तर आपल्याला आईचा चेहराही दिसतो आणि खिडकीबाहेरचे अंगणही दिसते, कारण नजर जिथे वळते तिथल्या उजेडाशी डोळा लगेच जुळवून घेतो. कॅमेऱ्याला संपूर्ण चित्र एकाच मापाने टिपावे लागते. हे माप मोजण्याचे एकक म्हणजे स्टॉप. उजेड दुप्पट झाला की एक स्टॉप वाढला, चौपट झाला की दोन, आठपट झाला की तीन. भर उन्हातले अंगण आणि चुलीजवळचा कोपरा यांत दहा स्टॉपचा, म्हणजे सुमारे हजार पटींचा फरक सहज असू शकतो. आजचे बहुतेक चांगले सिनेकॅमेरे चौदा-पंधरा स्टॉपच्या आसपासचा पल्ला टिपतात, असे त्यांच्या माहितीपत्रकांत लिहिलेले असते. मग अडचण काय? अडचण अशी की चेहरा नीट दिसण्यासाठी तो या पल्ल्याच्या साधारण मध्यावर ठेवावा लागतो आणि मग त्याच्या वर सहा-सात स्टॉपच उरतात. दहा स्टॉप वर असलेले अंगण निव्वळ पांढरा डाग होऊन बसते. अंगण वाचवायला जावे तर आईचा चेहरा काळोखात बुडतो.

मोठ्या बजेटचा चित्रपट इथे जनरेटर आणि मोठे दिवे आणून खोलीतला उजेड वाढवतो. छोट्या चित्रपटाच्या छायालेखकाकडे तेवढे दिवे नसतात, आणि असले तरी त्या लहानशा खोलीत ते मावत नाहीत. म्हणून तो आठवडाभर आधी त्या घरात जाऊन दिवसाच्या वेगवेगळ्या वेळी बसतो. चित्रीकरणस्थळाच्या या पूर्वपाहणीला रेकी म्हणतात. दुपारी तीननंतर सूर्य घराच्या पलीकडे जातो आणि खिडकीसमोरचे अंगण घराच्याच सावलीत येते, हे त्याला तिथे बसल्यावर कळते. त्या वेळी आतबाहेरचा फरक दहा स्टॉपवरून पाच-सहावर येतो. मग तो दिग्दर्शकाला सांगतो की हा प्रसंग सकाळी नको, तीननंतर घेऊ. खिडकीच्या वरच्या भागावर बाहेरून पातळ कापड लावले की आकाशाचा लखलखाट आणखी उतरतो. आईला भिंतीपासून हातभर पुढे बसवले की तिची सावली भिंतीवर चिकटत नाही. समोरच्या पांढऱ्या भिंतीवरून उलटून येणारा उजेड चेहरा सपाट करत असेल तर त्या भिंतीवर काळे कापड टाकले जाते आणि गालाला लगेच गोलाई येते. आणि उजेड थोडा कमीच पडतो आहे असे वाटले तर थर्माकोलची पांढरी पाटी, कॅमेऱ्यात दिसणार नाही अशी, आईच्या गुडघ्याजवळ धरली जाते.

या साऱ्यात खर्च जवळजवळ नाही. एक वेळ निवडली, दोन कापडे लावली, एक माणूस हातभर सरकवला. माझ्या मते या कलेचे मर्म इथेच आहे. छोट्या चित्रपटात छायालेखकाचे बहुतेक काम प्रकाश आणण्याचे नसून आहे त्यातला कोणता प्रकाश अडवायचा, हे ठरवण्याचे असते.

मग फोनने का नाही?

फोनचा कॅमेरा खरोखरच चांगला असतो. पण तो प्रत्येक क्षणी आपणहून निर्णय घेत असतो. मुलगा दारातून खिडकीसमोर आला की फोन ‘उजेड वाढला’ असे समजून सगळे चित्र काळवंडवतो आणि मुलगा बाजूला झाला की पुन्हा उजळतो. चुलीचा जाळ मोठा झाला की रंगांचा तोल बदलतो. एका घरगुती चित्रफितीत हे चालून जाते. चित्रपटात तीन वाजता घेतलेला आईचा चेहरा आणि सहा वाजता घेतलेला मुलाचा चेहरा एकामागोमाग एक जोडले जाणार असतात आणि प्रेक्षकाला ते एकाच क्षणाचे वाटायला हवे असतात. पुढचा तुकडा कोणता आहे हे फोनला ठाऊक नसते. छायालेखकाला ते ठाऊक असते, किंबहुना तेच त्याला सतत ठाऊक ठेवावे लागते.

शॉन बेकर यांचा ‘टँजरीन’ हा अमेरिकी चित्रपट २०१५ मध्ये प्रदर्शित झाला. तो आयफोन ५एस वर चित्रित केलेला होता आणि तेव्हापासून ‘फोनवर सिनेमा होतो’ या म्हणण्याचा तो पुरावा ठरला आहे. पण तिथे फोनला वेगळी लेन्स जोडलेली होती आणि असे सॉफ्टवेअर वापरले होते की फोनचे स्वयंचलित निर्णय बंद करून ते माणसाच्या हाती यावेत. बेकर आणि छायालेखक रेडियम चुंग यांनी फोनकडून निर्णय काढून घेतले, म्हणून तो चित्रपट उभा राहिला.

ट्यूबलाइटखालची धावती पट्टी

आता एक अगदी छोटी तांत्रिक गोष्ट, जी भारतातल्या प्रत्येक छोट्या चित्रपटाला कधी ना कधी छळते. आपल्या घरची वीज सेकंदाला ५० आवर्तनांची असते, त्यामुळे साधी ट्यूब सेकंदाला १०० वेळा मंद-प्रखर होते. डोळ्यांना ते जाणवत नाही. चित्रपटाचा कॅमेरा सेकंदाला २४ चित्रे घेतो आणि रूढ पद्धतीत प्रत्येक चित्रासाठी सेकंदाचा ४८ वा भाग प्रकाश आत घेतो. या काळात ट्यूबचे दोन पूर्ण झोत आणि तिसऱ्याचा एखादा तुकडा आत येतो, आणि तो तुकडा प्रत्येक चित्रात वेगळा असतो. परिणामी भिंत हलकेच लुकलुकते किंवा चित्रातून एक फिकट पट्टी सरकत जाते.

उपाय सोपा आहे. प्रकाश आत घेण्याचा काळ १/४८ ऐवजी १/५० सेकंद करायचा, म्हणजे प्रत्येक चित्राला बरोबर दोन झोत मिळतात. कॅमेऱ्याच्या भाषेत, जिथे हा काळ अंशांत मोजतात आणि ३६० अंश म्हणजे एका चित्राचा पूर्ण १/२४ सेकंद, हे शटर १७२.८ अंशांवर ठेवणे झाले आणि भारतातल्या छायालेखकांच्या हाताला हा आकडा सवयीचा असतो. स्वस्त एलईडी दिव्यांचे मात्र असे गणित बसत नाही, कारण प्रत्येकाची लुकलुक वेगळी असते. म्हणून रेकीच्या वेळीच त्या घरातला, दुकानातला, दवाखान्यातला प्रत्येक दिवा कॅमेऱ्यासमोर पेटवून पाहावा लागतो. हे केले नाही तर चूक संकलनाच्या टेबलावर दिसते, तेव्हा ते घरही हातात नसते आणि कलावंतही पांगलेले असतात.

नैसर्गिक प्रकाश म्हणजे काहीच न करणे?

स्वतंत्र चित्रपटांच्या परीक्षणांत ‘नैसर्गिक प्रकाशात चित्रित’ असे कौतुकाने लिहिले जाते आणि वाचणाऱ्याला वाटते की इथे छायालेखकाने विशेष काही केले नसावे. या समजुतीला भारतातूनच फार जुने उत्तर दिले गेले आहे.

सुब्रत मित्र यांनी सत्यजित राय यांच्या ‘पथेर पांचाली’चे चित्रीकरण १९५२ मध्ये सुरू केले तेव्हा ते जेमतेम एकवीस-बावीस वर्षांचे होते आणि त्याआधी त्यांनी सिनेकॅमेरा चालवलेला नव्हता. त्यानंतरच्या ‘अपराजितो’मध्ये, म्हणजे १९५६ च्या चित्रपटात, बनारसमधल्या एका घराचे अंगण हवे होते. अशा घरात ऊन थेट येत नाही. चारी बाजूंच्या भिंतींमधून वरच्या चौकोनी आकाशाचा मऊ, सावली न पाडणारा उजेड खाली झिरपतो. घराचा सेट उघड्यावर बांधायचा बेत होता, पण पावसाच्या भीतीने कलादिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्त यांना तो कलकत्त्याच्या स्टुडिओत उभारावा लागला. असा उजेड स्टुडिओत आणता येणार नाही, असे मित्र यांनी चंद्रगुप्त आणि राय या दोघांनाही परोपरीने सांगितले. ते कोणी ऐकले नाही. तेव्हा त्यांनी सेटच्या वर, जिथे आकाश असायला हवे तिथे, चौकटीवर ताणलेले पांढरे कापड लावले आणि खालून दिव्यांचे झोत त्या कापडावर टाकले. कापडावरून उलटून खाली येणारा प्रकाश आकाशातून यावा तसा मऊ झाला. दिवा थेट माणसावर न रोखता पांढऱ्या पृष्ठभागावरून उलटवण्याच्या या पद्धतीला बाउन्स म्हणतात. त्या काळी आपल्या स्टुडिओंमध्ये चेहऱ्यावर थेट कडक दिवे रोखण्याचा रिवाज होता, हे लक्षात घेतले म्हणजे या कामाचे मोल कळते. आज स्वयंपाकघरात आईच्या गुडघ्याजवळ धरलेली थर्माकोलची पाटी याच विचाराची थेट वारस आहे.

म्हणजे ‘नैसर्गिक’ हे प्रेक्षकाला वाटायला हवे असते. ते घडवण्यात कष्ट असतात आणि जिथे खरोखर सूर्यावरच भिस्त असते तिथे वेळापत्रकाचे कष्ट असतात. कालव्याला पाळी आली की पाणी आधी उसाला द्यायचे की भाजीला, हे शेतकऱ्याला ठरवावेच लागते, कारण पाळी संपली की संपली. सूर्याच्या बाबतीत छायालेखकाची अवस्था नेमकी तशी असते. महाराष्ट्रात मे महिन्यात मध्यान्हीचा सूर्य जवळजवळ डोक्यावर असतो, पुण्यात तर मेच्या मध्यावर शून्य सावलीचा दिवसच येतो. अशा उन्हात डोळ्यांच्या खोबणीत काळी सावली बसते आणि चेहऱ्यावरचा भाव वाचता येत नाही. म्हणून अनुभवी छायालेखक सकाळी लवकर आणि दुपारी चारनंतर बाहेरचे प्रसंग मागतो आणि मधल्या वेळात घरातले प्रसंग लावतो. सूर्य मावळल्यावर आकाशात टिकणारा मऊ उजेड आपल्याकडे वीस-पंचवीस मिनिटांचाच असतो. त्यात प्रसंग बसवायचा असेल तर तालीम दुपारीच झालेली हवी आणि कॅमेऱ्याची जागा आधीच ठरलेली हवी.

कॅमेरा हलत नाही, याचे कारण पैसे नव्हते का?

चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’ या २०१४ च्या चित्रपटात मृणाल देसाई यांचा कॅमेरा बहुतांशी दूर आणि स्थिर उभा राहतो. काही प्रेक्षकांना हा कंटाळवाणा काटकसरीपणा वाटला. चित्रपटाला व्हेनिसमध्ये ‘लायन ऑफ द फ्यूचर’ आणि पुढे सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पण पुरस्कारामुळे या आक्षेपाचे उत्तर मिळत नाही, म्हणून ते वेगळे देतो.

स्थिर आणि रुंद फ्रेम स्वस्त असते, हा समज चुकीचा आहे. जवळच्या चेहऱ्यात मागचे सगळे धूसर करून टाकता येते. रुंद फ्रेममध्ये या कोपऱ्यापासून त्या कोपऱ्यापर्यंत सगळे दिसते. मागच्या बाकावरचा माणूस, पंखा, फायलींचा ढीग, दारातून येणारा शिपाई, यांतले काहीही चुकले तर चार मिनिटांचा शॉट पुन्हा पहिल्यापासून घ्यावा लागतो, कारण मध्येच दुसरा तुकडा जोडून चूक झाकण्याची सोय ठेवलेली नसते. दुसरे असे की छोट्या चित्रपटांत अभिनयाचे शिक्षण नसलेली माणसे अनेकदा असतात. जमिनीवरच्या खुणेवर नेमके थांबून, दिव्याकडे चेहरा वळवून बोलणे त्यांना जमत नाही आणि त्यांनी तसा प्रयत्न केला की त्यांचा सहजपणा जातो. कॅमेरा दूर ठेवून संपूर्ण खोली प्रकाशित केली की ती माणसे हवी तशी वावरू शकतात. कथाही हेच मागत होती. न्यायालयात कोणाच्याही दुःखाला जवळ जाऊन पाहिले जात नाही.

या कामात माणसे कुठून येतात?

सर्वात परिचित वाट पुण्याच्या लॉ कॉलेज रस्त्यावरून जाते. प्रभात स्टुडिओच्या आवारात १९६० मध्ये सुरू झालेल्या फिल्म इन्स्टिट्यूटने अनेक छायालेखक दिले. के. के. महाजन तिथून बाहेर पडले आणि मृणाल सेन यांचा ‘भुवन शोम’ आणि मणी कौल यांचा ‘उसकी रोटी’ हे दोन्ही १९६९ चे, एकमेकांपासून अगदी भिन्न असे चित्रपट त्यांनी चित्रित केले. रणबीर दासही याच संस्थेचे विद्यार्थी. अविनाश अरुण यांनी इथे छायालेखन शिकून ‘किल्ला’ स्वतः दिग्दर्शित आणि चित्रित केला, त्याला २०१४ मध्ये बर्लिनमध्ये क्रिस्टल बेअर मिळाले. ‘सैराट’चे छायालेखक सुधाकर रेड्डी यक्कंटी यांनी पुढे ‘नाळ’ दिग्दर्शित केला.

संस्थेबाहेरची वाटही तितकीच खरी आहे. कित्येक जण कॅमेरे भाड्याने देणाऱ्या कंपनीत अटेंडंट म्हणून लागतात, लेन्स पुसता पुसता यंत्र शिकतात, मग दुसरा साहाय्यक, पहिला साहाय्यक असे करत वर्षानुवर्षांनी स्वतंत्र होतात. रीमा दास यांनी २०१७ चा ‘व्हिलेज रॉकस्टार्स’ आसाममधल्या आपल्याच गावात स्वतः लिहिला, दिग्दर्शित केला आणि चित्रितही केला, आणि त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. बी. आर. विजयालक्ष्मी यांनी १९८५ मध्ये तमिळ चित्रपटापासून स्वतंत्र छायालेखन सुरू केले तेव्हा या कामात स्त्री दिसणे ही अपूर्व गोष्ट होती. आज सविता सिंग यांच्यासारख्या छायालेखिका आहेत, मराठीतला ‘व्हेंटिलेटर’ त्यांनी चित्रित केला. तरीही सेटवर ‘कॅमेरामन कुठे आहे?’ हा प्रश्न स्वतः कॅमेऱ्यामागे उभ्या असलेल्या स्त्रीलाच विचारला जातो, हे थांबायला हवे.

पुरस्कार मिळतात, मग पैसेही मिळत असतील

इथे वाचकाचा अंदाज बहुधा सर्वात जास्त चुकतो. स्वतंत्र चित्रपटात छायालेखकाचे मानधन कमी असते आणि त्यातलाही काही भाग ‘चित्रपट विकला गेल्यावर’ देण्याचे ठरते. त्याचे घर जाहिराती, वेब मालिका आणि कंपन्यांच्या माहितीपटांवर चालते. जाहिरातीच्या दोन दिवसांतून जे मिळते त्यावर तो छोट्या चित्रपटाचा महिना काढतो. काही जण स्वतःचा कॅमेरा विकत घेतात आणि मग नवी अडचण उभी राहते. निर्माता माणसाला घेतो आहे की त्याच्याबरोबर जवळजवळ फुकट येणाऱ्या कॅमेऱ्याला, हे कळेनासे होते, आणि हप्ते संपण्याच्या आत बाजारात पुढचे मॉडेल आलेले असते.

कायदाही त्याच्या बाजूने फारसा नाही. १९५७ च्या भारतीय कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचा कर्ता हा निर्माता असतो. २०१२ च्या दुरुस्तीने गीतकार आणि संगीतकार यांचा स्वामित्वधनाचा हक्क पक्का केला, पण छायालेखकाचा त्यात समावेश नाही. चित्रपट ओटीटीवर वर्षानुवर्षे पाहिला गेला तरी ज्याने त्याची प्रत्येक फ्रेम घडवली त्याच्या खात्यात त्यातून काही येत नाही. मला हे अन्यायाचे वाटते.

त्यामुळे या क्षेत्रात नव्याने येणाऱ्याने करारात काय लिहून घ्यावे, हे लेन्सइतकेच महत्त्वाचे आहे. त्यातले एक कलम बहुतेक जण विसरतात. चित्रीकरण संपल्यावर काही महिन्यांनी रंगसंस्करण होते, म्हणजे संगणकावर प्रत्येक शॉटचा उजेड आणि रंग अंतिम केला जातो. तीन वाजताचा चेहरा आणि सहा वाजताचा चेहरा खऱ्या अर्थाने एकत्र येतात ते तिथे. छायालेखक हजर नसेल तर मुद्दाम अंधारात ठेवलेला कोपरा ‘नीट दिसत नाही’ म्हणून उजळून टाकला जातो आणि रेकीपासून केलेले सगळे काम पुसले जाते. तोवर छायालेखक दुसऱ्या कामावर गेलेला असतो आणि या दिवसांचे मानधन ठरलेले नसल्यामुळे त्याने फुकट यावे अशी अपेक्षा असते. रंगसंस्करणाचे दिवस किती, त्याचे पैसे किती आणि अंतिम प्रतीला त्याची लेखी संमती लागेल की नाही, हे पहिल्या दिवसाच्या चित्रीकरणाआधी कागदावर यायला हवे.